मदत हवी आहे: लिस्बनमधली मोरारिया-ग्रासा गाइडेड टूर

लिस्बनमधले बेलें आणि बाइशा हे नेहमीचे पर्यटकी भाग सगळेच करतात. मला मोरारिया आणि ग्रासा या टेकडीवरच्या वस्त्या गाइडबरोबर पायी बघायच्या आहेत. सोबत गुडघेदुखीवाले ज्येष्ठ आहेत, म्हणून मार्गाबद्दल विचारतोय.

बहुतेक टूर मार्तीं मोनीझ चौकातून निघून वर चढतात. मला हे उलटं वाटतं. आधी वाहनाने सेन्योरा दु मोंत या शहर दिसणाऱ्या उंच जागेच्या कठड्यापर्यंत जायचं आणि तिथून उतरत मोरारियातल्या रुआ दु कापेलांव या गल्लीत यायचं, जिथे फादो या पोर्तुगीज गानप्रकाराची गायिका मारिया सेवेरा (1820-1846) राहायची. अशी उतरती टूर कुणी घेतलीय का? उतारालाही गुडघ्यांवर ताण येतोच, पण धाप तरी लागत नाही. खरी भीती फरसबंदीची: चुनखडीचे छोटे चौकोनी दगड वापरून वापरून गुळगुळीत झालेले असतात, पावसाची सर आली की साबणासारखे. रबरी तळव्याचे बूट पुरतात की काठी हवीच?

28 नंबरची ट्राम मार्तीं मोनीझलाच भरते आणि खिसेकापूंची आवडती आहे, त्यामुळे टुकटुक किंवा टॅक्सी बरी, असं माझं मत. तरीही ट्राम घ्यायची तर नावेगांते या प्रवासाच्या कार्डात आधीच पैसे भरावेत. गाडीत तिकीट महाग पडतं आणि एका कार्डावर दोघांना जाता येत नाही.

फैरा दा लाद्रा हा जुना बाजार मंगळवारी आणि शनिवारी भरतो. या दिवशी टूर ठेवली तर गाइड तिथे थांबू देतात का? आणि 'फ्री' (फी नसलेल्या, टिपवर चालणाऱ्या) टूरमध्ये माणशी टिप साधारण किती देता?