थकबाकीदारानं सोसायटीची निवडणूक लढूच नये काय?

पऱ्हाटीवाला: आमच्या सेवा सहकारी सोसायटीत काकाचा अर्ज छाननीत उडाला. मुद्दल भरलं होतं, व्याजाचे ११४० रुपये राहिले होते. गटसचिवानं (सोसायटीचे हिशेब पाहणाऱ्यानं) खातेउतारा टेबलावर ठेवला, काकानं खिशातून नोटा काढल्या. पण निवडणूक सायबानं नकारार्थी मान हलवली, अर्ज भरताना बाकी होती म्हणे. २०१७ ला बोंडअळीनं बोंडं पोखरली तेव्हापासूनचं हे कर्ज. सहकार कायद्याचं कलम ७३ सीए थकबाकीदाराला कमिटीवर येऊ देत नाही, पण मुद्दाम बुडवणाऱ्यात आन् नापिकीनं बुडालेल्यात फरकच करत नाही. हा कुठला न्याय?

धुऱ्यावरून: भाऊ, बेबाकी, म्हणजे काही बाकी नसल्याचा दाखला, घेऊनच फॉर्म भरायचा असते, हे शेंबड्या पोरालेबी ठाऊक आहे. कमिटीवरचाच थकला तर वसुलीले कोणत्या तोंडानं जाईल? वर्धा, नागपूर, बुलढाणा, तिन्ही जिल्हा बँकांत लोकायच्या ठेवी अडकल्या. माझ्या बहिणीच्या लग्नाचा पैसा त्यातच होता. नियम ढिला करा म्हणणाऱ्याचा मले राग येते.

पऱ्हाटीवाला: नागपूरची बँक काय आमच्या काकानं बुडवली? रोखे घोटाळा २००२ चा, तेव्हाच्या अध्यक्षाला शिक्षा सुनावली २०२३ मध्ये. काकाला मात्र अपिलाला ३ दिवस, त्यातला एक रविवार.

धुऱ्यावरून: बँकेचं चुकलं म्हणून सोसायटीनं डोळे मिटायचे काय? मुदत कमी आहे, हे मात्र कबूल.

सातबारावाली: तुम्ही दोघं उमेदवारीवर भांडता, आमचं नाव मतदार यादीतच नाही. सासरे वारले, शेअर त्यांच्याच नावावर. सासूबाईंचा सभासदकीचा अर्ज सचिवानं ड्रॉवरमध्ये टाकला, 'पुढच्या मिटिंगीत घेऊ' म्हणाला. कायद्यानं ३ महिन्यांत निर्णय कळवला नाही तर सभासद झाल्याचं धरतात. पण त्याला पोच लागते, आन् पोच मागितली तर 'विश्वास नाही का, काकू?' प्रारूप यादीत सासऱ्यांचं नाव मात्र ठळक. हरकतीची तारीख कळली तेव्हा उलटून गेली होती.

धुऱ्यावरून: ताई, हे चूकच. पण सभासदकीही सैल सोडून चालत नाही. निवडणूक आली की एकेका घरातून पाच-पाच शेअर निघतात. म्हणूनच नव्या सभासदाला २ वर्षं मत नाही.

पऱ्हाटीवाला: मग हेही सांगा. अर्ज नामंजूर झाला तर कलम १५२ अ खाली अपील आहे. समोरच्या पॅनलच्या थकबाकीदाराचा मंजूर झाला तर? काही नाही. निकाल लागू द्या, मग सहकार न्यायालयात जा. तिथं तारखा खाता खाता त्याची अर्धी टर्म संपते, खुर्चीवर बसून चहा पिऊन.

धुऱ्यावरून: ते खरं आहे. त्यावर माझ्यापाशी उत्तर नाही. पण काकाले सांगा, पुढच्या वेळी आठ दिवस आधी बेबाकी काढा. सचिवाचा शिक्का पाहून घ्या, आमच्याकडं एकाची उमेदवारी शिक्क्यावरूनच गेली.

सातबारावाली: आन् अर्जाची पोच घ्या. सचिव नाहीच देत तर रजिस्टर पोस्टानं टाका. सासूबाईंचा नवा अर्ज काल तसाच टाकला.