पदर की ढाल? लेवाल्स्कीबाईंच्या पुस्तकावरून

नऊवार : 'उंटावरचा' यांनी काल लिहिलं : "अमेरिकी अभ्यासक बार्बरा लेवाल्स्कींचं जेकोबियन काळातल्या, म्हणजे इंग्लंडच्या राजा जेम्सच्या वेळच्या लेखिकांवरचं पुस्तक (1993) संपवलं. नऊ बायका, त्यात राणी, राजकन्या, सरदारणीच जास्त. लिहितात काय, तर बायबल. दुसरं लिहू देत नव्हते म्हणून धर्माचा पदर डोक्यावर घेतला, लेवाल्स्की त्या पदराला बंड म्हणतात."

पदर म्हणे! त्या नवांत मेरी रॉथ आहे. तिचा 'युरेनिया' 1621 चा, बायबलशी संबंध नसलेला प्रेमाचा रोमान्स, आणि त्यात स्वतःच्या घरचं उणंदुणं दिसलं म्हणून एक सरदार तिच्यावर उखडला होता. ते प्रकरण गाळलंत का? आता बायबलवाल्या. एमिलिया लॅनियर 1611 च्या काव्यात पिलाताच्या (येशूला सुळी देणाऱ्या रोमन सुभेदाराच्या) बायकोच्या प्रसंगात सरळ म्हणते : ईव्हने फळ खाल्लं हा अपराध, तर तुम्ही येशूला मारलंत ते काय? मग आमच्यावरची सत्ता सोडा. रेचल स्पेट, पाद्रीबाबाची विशीतलीही नसलेली पोर, 1617 मध्ये स्वेटनम नावाच्या लेखकाच्या स्त्रीनिंदेला स्वतःच्या नावानं छापील उत्तर देते : बाई आदामाच्या पायातून घडली नाही, डोक्यातूनही नाही, कुशीतून घडली. यातून श्रद्धा काढा आणि काय उरतं ते दाखवा. युक्तिवादच त्या मातीचा आहे.

उंटावरचा : ताई, जरा दमानं. लॅनियरनं काव्याआधी राणीपासून एकेका सरदारणीला अर्पणपत्रिका लिहिल्यात. दरबारी वादकाची मुलगी, पैशाची चणचण. याला भक्ती म्हणायचं की वशिला? शिवाय लेवाल्स्कींची सवय आहे. 1979 च्या पुस्तकात त्यांनी डन, हर्बर्ट सगळे कवी प्रॉटेस्टंट रंगात बुडवले. इथे नवांतली एलिझाबेथ केरी कॅथलिक झाली आणि नवऱ्यानं तिला वाऱ्यावर सोडलं. श्रद्धेनं तिचं घर मोडलं, बळ कुठलं?

नऊवार : तुकोबांना कुणी विचारलं नाही, भक्ती की वशिला. बाई पैसे मागते म्हणून तिचा देव खोटा?

पोथीवाला : 1616 साली थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट पाद्री गोव्यात बसून येशूच्या कथेचं मराठी काव्य, ख्रिस्तपुराण, छापून घेतो, मराठीला भाषांतलं रत्न म्हणतो. ते इथं कुणी वाचलेलं नाही. पण लंडनच्या बायका सगळ्यांना पाठ!

उंटावरचा : झालं, आले पोथीवाले. बरं, नवांतल्या ॲन क्लिफर्डचं काय? ती तर नुसती जमिनीसाठी भांडली.

घाटपायथा : नुसती? 1605 मध्ये बाप मेला, पंधरा वर्षांच्या पोरीला रोकड ठेवून जहागीर स्वतःच्या भावाला लिहून गेला. नवऱ्याला रोकड हवी, म्हणून तो हक्क सोडल्याच्या सहीसाठी मागे लागला. 1616 मध्ये दोन वर्षांचीही न झालेली लेक तिच्यापासून काढून नेली. 1617 च्या जानेवारीत खुद्द राजा जेम्स म्हणाला, माझा निवाडा मान. ही म्हणाली, जिवंत असेतो वेस्टमोरलंडची जहागीर सोडणार नाही. रोजनिशीत त्याच दिवसांत बायबलवाचन आहे. एकाबरोबर जुना करार वाचत होती, तेही नवऱ्यानं बंद पाडलं, का तर त्या गड्याच्या अभ्यासात व्यत्यय येतो!

मी हे वाचताना पुस्तक मिटून ठेवलं. 2009 मध्ये आम्ही थोरल्या ताईकडून हक्कसोड करून घेतलं. निबंधकाच्या कचेरीत ती अंगठ्याची शाई पदराला पुसत होती. परत येताना तिला साडी घेतली, मोरपंखी. मी त्यावेळी स्वतःला फार चांगला भाऊ समजलो.

बांधावरचा : आता हे कशाला? हुंडा दिला, बाळंतपणं केली, म्हाताऱ्याचं पाय चेपलं कोणी? पुण्यात बसून हक्क शिकवायला सोपं आहे. जमीन तीन एकर, वाटण्या केल्या तर बांधच उरतील.

नऊवार : हुंडा घेणं-देणं गुन्हा आहे, तो हिशेबात कसा धरता? महाराष्ट्रात मुलींना वडिलोपार्जितात हक्क देणारी दुरुस्ती 1994 ची. आणि पाय चेपायला ताईला माहेरी बोलावलं असतं तर ती आली नसती?

बांधावरचा : तुमच्या भावाकडून तुम्ही किती घेतलंत ते आधी सांगा.

नऊवार : काही नाही. सही केली मी. कुणी दमदाटी केली नाही, आईनं नुसतं माझ्याकडं पाहिलं नाही दोन दिवस. म्हणून तर चिडते.

उंटावरचा : हे सगळं लेवाल्स्कींच्या पुस्तकात नाही, याची नोंद असावी. बरं, क्लिफर्डबाईंपुरता माझा 'पदर' मागे. ढाल म्हणा हवं तर. 1643 मध्ये चुलत भाऊ मागे मुलगा न ठेवता गेला आणि जहागीर आपोआप आली, देवानं न्याय दिला असं त्यांना वाटलं असेल, वाटू दे. केरीबद्दल मात्र ऐकणार नाही.

नऊवार : केरीच्या मुली नन झाल्या आणि त्यांतल्या एकीनं तिचं चरित्र लिहिलं. घर मोडलं की नवं झालं, बघा.

पोथीवाला : ख्रिस्तपुराण.

घाटपायथा : ॲनची आई 1616 मध्ये गेली. शेवटची जिथं भेटली, त्या रस्त्यावर तिनं 1656 मध्ये दगडी खांब उभारला, शेजारच्या दगडी पाटावरून दरसाल 2 एप्रिलला गोरगरिबांना चार पौंड वाटायचे असं लिहून ठेवलं. जमीन मिळाल्यावर बाईनं पहिलं कोणाला आठवलं!

बांधावरचा : आणि तुम्ही ताईचं काय केलंत मग? सातबाऱ्यावर नाव लावलं?

घाटपायथा : फेरफार केव्हाच होऊन गेला. विहिरीकडचे दहा गुंठे तिच्या नावे करू म्हणतोय. घरात काढलं, तेव्हापासून मंडळी माझ्याशी बोलत नाहीत.