चार सिनेमे केले, पण दाखवायला काय?

सांगलीच्या एका अभिनेत्रीने चार स्वतंत्र, म्हणजे मोठ्या कंपनीच्या पाठबळाशिवाय बनलेले सिनेमे केले तरी पुढचं काम मिळेना, यावरच्या चर्चेत बहुतेकांनी ‘ओळखी नाहीत’ एवढंच म्हटलंय. खरी अडचण बऱ्याचदा शोरीलची, म्हणजे आपल्या कामाची निवडक दृश्यं जोडून केलेल्या छोट्या व्हिडिओची असते. छोट्या निर्मात्याचे पैसे शूटिंगमध्येच संपतात, मग संकलन आणि ध्वनीचं काम रखडतं. सिनेमा पूर्ण झाला तरी महोत्सवांसाठी राखून ठेवतात, कारण काही महोत्सवांना पहिला खेळ आपल्याकडेच हवा असतो. तोवर हिच्या हातात फक्त सेटवरचे फोटो. फोटोवरून भूमिका कोण देणार?

म्हणून करारातच लिहून घ्यावं: मानधनाचे हप्ते, डबिंगचे दिवस त्यातच धरलेत की वेगळे, आणि ठरावीक मुदतीत स्वतःच्या दृश्यांची ६०-९० सेकंदांची क्लिप. निदान कास्टिंगवाल्यांना खासगी लिंकने दाखवायची मुभा तरी. ‘सिनेमा विकला की देऊ’ हे मानधन नव्हे, उधारी.

पहिल्या ऑडिशनसाठी मुंबई गाठायची गरज नाही, सेल्फ-टेप, म्हणजे घरीच मोबाइलवर चित्रित करून पाठवलेली ऑडिशन चालते. मोबाइल आडवा, डोळ्यांच्या उंचीवर. मागे साधी भिंत, पंखा बंद. समोरचे संवाद वाचणाऱ्याने लेन्सला लागून उभं राहावं, म्हणजे नजर भरकटत नाही. पण बोलावं हळू. तो माइकच्या जवळ असतो, त्यामुळे टेपमध्ये त्याचाच आवाज मोठा येतो.

आणि बोली पुसू नये. नंतर डबिंग न करता शूटिंगच्या वेळीच आवाज घेणार असतील तर ‘कुठं गेलतीस?’ सहज म्हणणारी बाई शोधून सापडत नाही.