कल, कौल, जनमत : निकालाच्या दिवशी कोणता शब्द?

माझं काम बातम्यांना मथळे देण्याचं. नागपुरात इतकी वर्षं तेच करते आहे, आणि दर निवडणुकीत एकाच ठिकाणी हात अडतो. मतमोजणीच्या सकाळी आम्ही ‘कल’ लिहितो, दुपारी ‘आघाडी’, संध्याकाळी ‘जनतेचा कौल’. इथवर सगळं रास्त. पण दुसऱ्या दिवशी तोच कौल अग्रलेखात ‘जनमत’ होतो, वाहिनीवरच्या चर्चेत ‘जनादेश’ होतो, आणि आठवडाभरात लोक जे कधी बोललेच नाहीत ते त्यांच्या तोंडी घालून झालेलं असतं. हे शब्द समानार्थी नाहीत, ते एकमेकांच्या जागी वापरू नयेत, असं मला कळकळीनं वाटतं. चर्चा व्हावी म्हणून इथे मांडते.

आधी एक पाहिलेली गोष्ट. २०२४च्या लोकसभेचं आमच्याकडचं मतदान १९ एप्रिलला होतं. त्याच्या आधीच्या आठवड्यात मी गोकुळपेठच्या भाजी बाजारात होते. एका वाहिनीचा मुलगा माईक घेऊन फिरत होता. सांबाराच्या जुड्यांवर पाणी मारत बसलेल्या एका मावशींसमोर (आम्ही विदर्भात कोथिंबिरीला सांबार म्हणतो) त्यानं माईक धरला. “मावशी, मत कोणाला?”

मावशींनी वर न बघता सांगितलं, “मत देतो जी आम्ही, सांगत नाही.”

मुलगा जरा गडबडला. मग म्हणाला, “बरं, पण सध्याच्या परिस्थितीबद्दल तुमचं मत काय?”

“हे इचार ना मंग!” म्हणत त्यांनी हातातला मग खाली ठेवला आणि दहा मिनिटं बोलत राहिल्या. गॅसचा भाव, शिकून घरी बसलेला मुलगा, उन्हात बाजारात सावली नाही ते. कुठल्याही पक्षाचं नाव त्यात आलं नाही.

दोन्ही प्रश्नांत शब्द एकच, ‘मत’. मावशींना मात्र फरक लख्ख ठाऊक होता. ‘मत’ संस्कृत ‘मन्’ धातूवरून आलेलं, म्हणजे जे मनानं मानलं ते. मतभेद, मतांतर, मत बनणं, मत मांडणं हे सगळं या अर्थाचं. मत टाकणं, मतं फुटणं, मतं खाणं, मत वाया जाणं हे दुसऱ्या अर्थाचं. हिंदीत पहिल्यासाठी ‘राय’ आणि बोलण्यात दुसऱ्यासाठी ‘वोट’ असल्यानं घोटाळा कमी होतो. मराठीत एकाच शब्दावर दोन्ही ओझी आहेत. पहिलं मत रोज बदलता येतं, चार गोष्टी ऐकून बदलावंही. दुसरं बटण दाबलं की संपलं.

म्हणून ‘जनमत’ हा शब्द मी पहिल्या अर्थासाठीच राखून ठेवते. बाजारात, पानठेल्यावर, तर्री-पोह्यांच्या गाडीवर जे बनतं आणि बदलतं ते जनमत. ‘लोकमत’चा अर्थही तोच, पण नागपुरात त्या शब्दाचं विशेषनाम झालं आहे. लोकमत म्हटलं की वर्तमानपत्र, नाहीतर वर्धा रोडवरचा चौक डोळ्यांपुढे येतो. ‘माहोल’ आणि ‘हवा’ हे आणखी वेगळे. “हवा कोनाची हाय?” या प्रश्नात लोकांना काय हवंय हे कोणी विचारत नाही, कोण जिंकणार तेवढंच विचारतात.

‘कौल’चं नीट सांगता येत नाही. त्या शब्दात काहीतरी जुनं आहे एवढं कळतं. कोणी सांगेल का?

प्रतिसाद

ताई, मी मूळचा सिंधुदुर्गाचा, नोकरीनिमित्त नागपुरात आलो आणि इथलाच झालो. आमच्याकडे कौल देव देतो. गुरव देवाच्या अंगावर ओल्या पाकळ्या किंवा कळ्या लावतात, गाऱ्हाणं घालतात आणि सगळे श्वास रोखून बघत बसतात. उजवीकडची पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. लहानपणी आजोबांबरोबर अर्धा तास बसलेला मला आठवतो, पाकळी हलेना. गुरवांनी शेवटी गाऱ्हाणंच बदललं, “शब्द चुकला असेल, देवा” म्हणाले, आणि प्रश्न पुन्हा सोपा करून घातला.

यातच तुमचं उत्तर आहे. कौल फक्त विचारलेल्या प्रश्नाचा असतो. विहीर खणू का असं विचारलं तर कुठे खणू ते देव सांगत नाही.

गोव्याचं उदाहरण बघा. १६ जानेवारी १९६७ला तिथे जे मतदान झालं, त्याला मराठीत ‘जनमत कौल’ म्हणतात. महाराष्ट्रात विलीन व्हायचं असेल तर फूल, केंद्रशासित राहायचं असेल तर दोन पानं. दोन पानांना १,७२,१९१ मतं पडली, फुलाला १,३८,१७०. पण ‘स्वतंत्र राज्य हवं’ असं ज्यांच्या मनात होतं त्यांच्यासाठी कागदावर तिसरं चिन्हच नव्हतं. तेही पानांवरच शिक्का मारून आले असणार. गोव्याला राज्याचा दर्जा मिळाला ३० मे १९८७ला, वीस वर्षांनी. कौल विलीनीकरणापुरता होता, जनमत त्याहून मोठं होतं.

प्रतिसाद

काकांच्या कौलाला जोड देतो. मी इतिहास शिकवतो. शब्द अरबी ‘कौल’वरून आला, म्हणजे बोल, दिलेला शब्द. (कव्वालीही त्याच घरातली.) मराठेशाहीच्या कागदांत गाव ओस पडलं की सरकार रयतेला कौलनामा देई : या, जमीन कसा, पहिल्या वर्षी सारा थोडा, मग वर्षागणिक वाढता, तुम्हाला अभय आहे. म्हणजे कौल वरून खाली यायचा. राज्यकर्त्यानं शब्द द्यायचा आणि रयतेनं त्यावर विसंबायचं. आज आपण ‘मतदारांनी कौल दिला’ म्हणतो तेव्हा देणारा आणि घेणारा यांची जागा बदललेली असते. मला हा बदल फार मोलाचा वाटतो, म्हणून ‘जनादेश’पेक्षा ‘कौल’ बरा. दिलेला शब्द दोन्ही बाजूंना बांधतो.

छपराचं कौल मात्र वेगळं, आणि विदर्भात आपण त्याला कवेलूच म्हणतो, त्यामुळे इथल्या मुलांचा गोंधळ होत नाही.

आणखी एक. मराठीत ‘मतदार’, हिंदीत ‘मतदाता’. नागपूर १९५६पर्यंत आधी मध्यप्रांताची आणि मग मध्य प्रदेशाची राजधानी, दोन्ही भाषांचं गाव, म्हणून दोन्ही शब्द कानावर येतात. ‘दाता’ देऊन मोकळा होतो. ‘दार’ हा फारसी प्रत्यय, हक्कदार, जमीनदारातला, म्हणजे बाळगणारा. मत दिल्यावरही ते ज्याच्याकडे राहतं तो मतदार. वर्गात हे सांगितलं की मुलं पुढचा तास विसरतात.

मूळ लेखिका

काका, गुरवांनी गाऱ्हाणं बदललं ते वाचून थांबले. आमच्याकडेही वेगळ्या विदर्भासाठी संघटनांनी मतपेट्या ठेवून लोकांना विचारलं होतं, नागपुरातही. त्याला कोणी ‘सार्वमत’ लिहिलं, कोणी ‘जनमत चाचणी’. सरकारनं विचारलेला प्रश्न नव्हता, म्हणून ‘चाचणी’च योग्य, हे आता मला पटलं.

सर, ‘मतदार’ची फोड मी उद्याच टेबलावर चिकटवते. एक शंका तेवढी उरते. २०२४ला नागपुरात मतदान सुमारे ५४ टक्के झालं. जवळजवळ निम्मे लोक केंद्रावर गेलेच नाहीत, आणि आम्ही मथळा देतो ‘नागपूरचा कौल’. मी यापुढे ‘मतदारांचा कौल’ही न लिहिता ‘मतदान केलेल्यांचा कौल’ लिहावं का? चार स्तंभांत बसत नाही, पण खरं तेच आहे. आणि जे गेले नाहीत त्यांच्या गप्प राहण्याला मराठीत शब्द कोणता? ‘अनुत्साह’ आम्ही दरवेळी लिहितो. रोजंदारी बुडेल म्हणून न गेलेल्या माणसाला तो लावायला माझा हात धजत नाही.