मदत हवी आहे: योशिफुमी कोंदो यांचा हात नेमका कुठे ओळखायचा?

मंडळी, जपानी ॲनिमेशनचे जाणकार इथे असतील म्हणून विचारतो. आमच्या फिल्म क्लबात योशिफुमी कोंदोंवर बोलायचं आहे.

कोंदो (१९५०–१९९८) आयुष्यभर प्रामुख्याने ॲनिमेटरच राहिले. १९८८ साली 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' या चित्रपटासाठी दिग्दर्शक ताकाहाता आणि 'तोतोरो'साठी दिग्दर्शक मियाझाकी, दोघांनाही कोंदोच हवे होते, ते गेले ताकाहातांकडे. त्यात पात्रांची रचना कोंदोंची, ॲनिमेशनची देखरेखही त्यांचीच. त्यातली धाकटी बहीण सेत्सुको खाऊच्या गोळ्यांचा डबा खुळखुळवते तेव्हा माझं तर चित्राकडे लक्षच राहत नाही, ती खरीच मुलगी वाटते.

दिग्दर्शक म्हणून मात्र एकच चित्रपट, 'व्हिस्पर ऑफ द हार्ट' (१९९५). नंतर ४७व्या वर्षी गेलेच. माझी अडचण इथे आहे: त्याची पटकथा आणि स्टोरीबोर्ड (प्रसंगांचा चित्रांतला आराखडा) दोन्ही मियाझाकींचे. मग त्यात कोंदोंचं असं काय उरतं? मला त्यातल्या नायिकेच्या, शिझुकूच्या चालण्या-बसण्यात ते दिसतं, पण हे माझं प्रेमही असेल.

कुणी त्यांचं आधीचं काम, विशेषतः १९७९ची 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' मालिका, बारकाईने पाहिली आहे का? क्लबात शेजारी शेजारी दाखवता येतील असे प्रसंग सुचवा. इंग्रजी सबटायटल्स असली तर उत्तमच.