आंबा घाटातून बोक्याला रत्नागिरीला न्यायचंय, काय काळजी घ्यावी?

राजारामपुरीकर
गणपतीला आठ दिवस कोल्हापूरहून रत्नागिरीला जायचंय. बोका चार वर्षांचा, साडेचार किलो, नसबंदी झालेला. डॉक्टरांकडे जाताना दहा मिनिटांतच लाळ गळायला लागते आणि रस्ताभर ओरडतो. गाडी घरची, अंतर साधारण १३० किलोमीटर. कापडी, चेनची बॅग आहे. उलटीची गोळी द्यावी का? तिकडचं घर कौलारू, परसात विहीर.

जाळीवाला
आधी ती कापडी बॅग बाजूला ठेवा. घाबरलेलं मांजर चेनच्या टोकाशी नाक खुपसत राहतं, दोन दाते सरकले की डोकं बाहेर, आणि डोकं निघालं की अंगही निघतं. प्लास्टिकची टणक पेटी घ्या, पुढून आणि वरून दोन्हीकडून उघडणारी. बोका आत उभा राहून वळला पाहिजे, एवढं माप पुरे. फार मोठी घेतलीत तर वळणावर तो आतल्या आत घसरेल.

पेटी आजच हॉलमध्ये मांडा, दार काढून. आत त्याची रोजची चादर, न धुतलेली. जेवण आधी पेटीच्या तोंडाशी, मग आत, चार दिवसांनी अगदी मागच्या भिंतीशी. तो आपण होऊन आत झोपायला लागला की दार बसवा, मिनिटभर लावून उघडा. पुढं गाडीत ठेवून नुसतं इंजिन चालू, मग सायबर चौकापर्यंत एक चक्कर. याला दोन-तीन आठवडे लागतात. पेटी फक्त दवाखान्याच्या दिवशीच माळ्यावरून उतरते, म्हणून तर मांजर ती दिसली की पलंगाखाली जातं.

घाटमाथा
लाळ आणि सारखे ओठ चाटणं ही मळमळ आहे, नुसती भीती नव्हे. माणसाची उलटीची गोळी मनानं देऊ नका. ताप-अंगदुखीची तर अजिबात नाही, पॅरासिटामॉलची एक गोळीसुद्धा मांजराचा जीव घेते. डॉक्टरांना मळमळीसाठी मॅरोपिटंट आणि भीतीसाठी गॅबापेंटिन याबद्दल विचारा, डोस वजन बघून तेच ठरवतील. गॅबापेंटिन निघण्याआधी साधारण दोन तास द्यावं लागतं. एखाद्या सुट्टीच्या दिवशी घरी देऊन बघा. चाल लटपटते, त्या दिवशी कपाटावर चढू देऊ नका.

निघण्याआधी चार ते सहा तास खाणं बंद, पाणी चालू. पेटीत खाली शू शोषणारं पॅड, वर टॉवेल. जास्तीची दोन पॅडं हाताशी. पेटी पुढच्या सीटमागं पायांच्या जागेत ठेवा आणि सीट मागं सरकवून घट्ट अडकवा. वरून पातळ सुती कापड, पण एक बाजू हवेला उघडी. मलकापूरला थांबून पॅड तपासा, काचा आणि दारं पूर्ण बंद असतानाच. तिथून पुढं साखरप्यापर्यंत गाडी सावकाश, ब्रेक हलके. कितीही ओरडला तरी चालत्या गाडीत पेटी उघडायची नाही, घाबरलेला बोका थेट चालकाच्या पायाशी शिरतो. ओरडणं चालेल, पण तोंड उघडं टाकून धापा टाकायला लागला तर एसी वाढवा, गाडी थांबवा, डॉक्टरांना फोन करा.

कौलारू
माझ्या मते खरा धोका पोचल्यावर आहे. कौलारू घरात भिंत आणि छप्पर यांच्यात फट असते. बोका वाशावरून त्या फटीतून बाहेर गेला की अनोळखी गावात तो परत येईलच असं नाही, मांजराची वाट वासावर चालते आणि तिथं त्याचा स्वतःचा वास कुठंच नसतो. म्हणून वर छत असलेली एकच खोली निवडा. पोचायच्या आधी घरच्यांकडून उंदराचं औषध, चिकट पॅड आणि कपाटातल्या डांबराच्या गोळ्या उचलून घ्यायला सांगा. शी-शूच्या ट्रेमध्ये घरचंच लिटर, म्हणजे मांजराची वाळू, त्यात जुनं वापरलेलं मूठभर. पेटी उघडी ठेवून तुम्ही बाहेर या, पहिला दिवस तो तिच्यातच बसला तरी ओढून काढू नका. आरतीला येणारी पोरं दार उघडतात, बाहेरून कडी लावा आणि सूचनेचा कागद चिकटवा.

बोका आहे म्हणून एक जपा: ताणामुळं शू अडकते. ट्रेमध्ये वारंवार बसतोय, कुंथतोय आणि थेंबच पडतोय, असं दिसलं तर सकाळची वाट बघू नका. मूत्रमार्ग तुंबला की एक-दोन दिवसांत जीव जातो. तिथल्या जनावरांच्या डॉक्टरांचा नंबर आधीच घेऊन ठेवा. दोन दिवस काहीच खाल्लं नाही तरीही दाखवा, यकृतावर चरबी चढते.

राजारामपुरीकर
मनापासून आभार. एवढं सगळं वाचून वाटतंय, शेजारच्या काकूंकडे किल्ली देऊन इथंच ठेवला तर?

जाळीवाला
काकू दिवसातून दोनदा येऊन खाणं, पाणी, ट्रे बघणार असतील आणि अर्धा तास बसणार असतील तर तेच बरं, मांजराला ओळखीच्या माणसांइतकीच ओळखीची जागाही लागते. फक्त गॅलरीला नायलॉनची जाळी बसवून घ्या, खिडकीच्या मच्छरजाळीवर विसंबू नका, ती मांजराच्या वजनानं चौकटीतून निघते. शू अडकल्याची खूण काकूंनाही सांगून ठेवा. मिरवणुका आणि डॉल्बीच्या दिवशी रस्त्यापासून आतल्या खोलीत, खिडक्या लावून, पंखा चालू ठेवायचा आणि त्याला लपायला एका बाजूला भोक पाडलेलं पुठ्ठ्याचं खोकं आडवं ठेवायचं. काकूंना आतापासूनच रोज संध्याकाळी एकदा त्यांच्या हातानं जेवण घालायला सांगा.