ट्रंकेत फ्रेंच शिकारीची फिल्म निघालीये, काय करू?

गंगाघाटकर:
नाशिकला तिवंध्याजवळचा आमचा वाडा पाडायचाय म्हणून माडीवरच्या पणजोबांच्या ट्रंका उपसत होतो, २०१६ च्या पुरात तळमजल्यावरचं सगळं गेलं, ह्या वर होत्या म्हणून वाचल्या. तर एकीत पत्र्याची काळी गोल डबी, आत फिल्म, वर फ्रेंचमध्ये काहीतरी, त्यात 'शास' एवढंच लागलं. टोक खिडकीशी धरून भिंगातून बघितलं तर घोडेस्वार, कुत्र्यांचा घोळका, पुढे सांबरासारखं काहीतरी पळतंय. विचित्र म्हणजे भोकं कडेला नाहीतच, मधोमध आहेत! चुलतभावाच्या मित्राकडे आठ एमएमचा प्रोजेक्टर आहे, लावून बघू म्हणतोय. आई म्हणते बुधवारच्या बाजारात देऊन टाक.

रीळवाला:
अजिबात लावू नका!! ही साडेनऊ एमएम रुंदीची फिल्म आहे, फ्रान्सच्या पाथे कंपनीने १९२२ मध्ये घरगुती प्रोजेक्टरसाठी काढलेली, दोन फ्रेमच्या मध्ये एकच भोक. आठ एमएममध्ये बसणारच नाही, दात घुसले तर चित्रच फाटेल. शास म्हणजे शिकार, घोडे आणि कुत्रे असतील तर 'शास आ कूर', तिकडची हरणामागची जुनी शिकार.
कडेला कुठे छोटी खाच दिसते का? खाच आली की प्रोजेक्टर पाटीच्या (मूकपटात मजकूर दाखवतात त्या) फ्रेमवर थोडा वेळ थांबायचा, म्हणजे पाटीसाठी फूटभर फिल्म खर्चायला नको. डोकं बघा लोकांचं.
आणि भंगारात नका देऊ हो. सहज पेट घेणाऱ्या नायट्रेट फिल्मवरच्या मूळ ३५ एमएम प्रती जळून, सडून गेल्या, बरेच मूकपट आता फक्त ह्या छोट्या प्रतींमध्येच उरलेत. सिनेमाचा इतिहासकार केविन ब्राउनलो शाळकरी पोरगा असताना त्याला फ्रेंच दिग्दर्शक आबेल गान्सच्या 'नेपोलियन' ह्या मूकपटाची साडेनऊची रिळं मिळाली, पुढे कित्येक वर्षं तो तो सिनेमा जोडत बसला.

मिसळवाला:
पेट घेईल का पण? नायट्रेट म्हणजे भीती वाटते.

रीळवाला:
नाही, ही सेफ्टी फिल्म, नायट्रेटसारखी पेटत नाही. पण व्हिनेगरसारखा वास येत असेल तर फिल्मचं प्लास्टिक, म्हणजे अ‍ॅसिटेट कुजायला लागलंय, मग घाई करा. पुसू नका, डांबरगोळ्या नकोत. झिपच्या पिशवीत सिलिका जेल टाकून फ्रिजमध्ये ठेवा, आणि बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही, आधी खोलीच्या तापमानाला येऊ द्या, नाहीतर दव धरतं. फोटो काढून पुण्याच्या फिल्म संग्रहालयाला पाठवा, पॅरिसला पाथेचं स्वतःचं फाउंडेशन आहे त्यांनाही.

मिसळवाला:
फाळके त्र्यंबकचे, आणि आपण नाशिककर फिल्म विकायला बुधवारच्या बाजारात!

गंगाघाटकर:
खाचा आहेत! पहिल्या वीतभरातच दोन सापडल्या. वास अगदी हलका येतोय, उद्याच पुण्याला मेल टाकतो. फ्रिजमध्ये जागा मिळाली पण आईची अट आहे, कैरीच्या लोणच्याची बरणी हलणार नाही.